गोदीतला म्हातारा आणि पडद्यावरचा इंडियन

वाचकहो, तुमच्या शाळेतल्या चौथी-पाचवीच्या एखाद्या मुलाला फळ्यापाशी बोलवा आणि 'रेड इंडियन' काढून दाखव म्हणून सांगा. तो काय काढील हे, गुरुजी, तुम्हांला आधीच ठाऊक आहे. डोक्यावर पिसांचा मोठा टोप, गालांवर रंगांचे पट्टे, हातात कुऱ्हाड किंवा धनुष्य, आणि तोंड उघडे, कारण तो आरडाओरडा करीत असणार. आता या मुलाने असा माणूस पाहिला कुठे? त्याच्या गावात नाही, तालुक्याच्या बाजारात नाही. त्याच्या बापानेही पाहिलेला नाही. पाहिला असेल तो सिनेमात, नाहीतर चित्रांच्या पुस्तकात. गंमत अशी की, ते पुस्तक लिहिणारा, तो सिनेमा काढणारा आणि पुष्कळदा सिनेमात तो वेष चढवून ओरडणारा नटसुद्धा इंडियन नव्हता.

आज ज्या गृहस्थांची हकीकत सांगायची आहे, ते त्या समाजात जन्मलेले. अर्धेअधिक आयुष्य त्यांनी गोदीत ओझी उचलली. साठीच्या सुमारास ते नट झाले, आणि सत्तरी उलटल्यावर त्यांचे नाव साऱ्या जगातल्या सिनेमा पाहणाऱ्यांना ठाऊक झाले. त्यांचे नाव चीफ डॅन जॉर्ज. देश कॅनडा.

पुढे जाण्यापूर्वी त्या 'इंडियन' शब्दाचा खुलासा केला पाहिजे, नाहीतर आपल्याकडच्या माणसाचा घोटाळा व्हायचा. १४९२ साली कोलंबस हिंदुस्थानला जायला निघाला आणि भलत्याच भूमीला लागला. तिथली माणसे पाहून त्याने त्यांना इंडियन म्हटले. म्हणजे आपलंच नाव, चुकीच्या पत्त्यावर जाऊन पडलेलं. चूक कळली तरी नाव काही परत आले नाही. त्या लोकांची स्वतःची नावे शेकडो आहेत, कारण ते एक लोक नाहीत. त्यांच्या भाषा वेगळ्या, चालीरीती वेगळ्या, घरे बांधायची पद्धतही वेगळी. कॅनडात आज त्यांना 'प्रथम राष्ट्रे' म्हणतात. आपण इथे मूळ रहिवासी म्हणू.

कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावर, पॅसिफिक महासागराला लागून, व्हँकूव्हर हे मोठे बंदर आहे. तिथे समुद्र आत शिरून बरार्ड नावाची खाडी झाली आहे. या खाडीच्या काठी त्स्लेवातूथ नावाचा एक लहान समाज राहतो. त्यांच्या भाषेत या नावाचा अर्थच मुळी 'खाडीची माणसे'. कोकणातल्या वाचकांना हे चटकन उमगेल. सॅल्मन मासे, कालवे-शिंपल्या, सीडर झाडाच्या अखंड खोडाच्या कोरलेल्या होड्या आणि त्याच लाकडाची लांबच लांब घरे, असे त्यांचे जगणे. पिसांचा टोप घालून घोड्यावरून गव्यांच्या मागे धावणारे लोक वेगळे. ते दूर मधल्या माळावरचे. खाडीच्या माणसांचा त्या टोपाशी संबंध नाही. पण सिनेमाने सगळ्यांना तो एकच टोप घातला.

या समाजात २४ जुलै १८९९ रोजी गेस्वानौथ स्लाहूट या मुलाचा जन्म झाला. पाच वर्षांचा झाल्यावर त्याला नॉर्थ व्हँकूव्हरच्या सेंट पॉल निवासी शाळेत घातले. तिथे त्याचे आडनाव बदलून जॉर्ज करण्यात आले. आपल्या घरची भाषा बोलायला बंदी. या निवासी शाळा सरकारने काढल्या आणि चर्चने चालवल्या. पुढे कॅनडात सत्यशोधन आयोग नेमला गेला. २०१५ सालच्या त्याच्या अहवालाप्रमाणे दीड लाखावर मुले या शाळांतून गेली, आणि पुष्कळ मुले घरी परत आलीच नाहीत. शेवटची शाळा बंद व्हायला १९९० नंतरचा काळ उजाडला. गुरुजनहो, शाळा या शब्दाला आपण किती मान देतो! ज्या समाजाच्या आजीबाईंच्या मनात तो शब्द ऐकून धस्स होतं, त्यांच्याबद्दल वाचताना आपल्यालाही जरा थांबावं लागतं.

शाळेत भाषा गेली. गावात उरले होते ते सण-समारंभ. त्यांनाही कायद्याचा हात पोचला होता, आणि तो कसा पोचला हे समजावून घेण्याजोगे आहे. या किनाऱ्यावरच्या लोकांत पॉटलॅच नावाचा मोठा समारंभ असे. मुलाचे नाव ठेवायचे, लग्न करायचे, मेलेल्या वडीलधाऱ्याचा मान वारसाकडे द्यायचा, तर यजमान गावोगावच्या लोकांना बोलावी, नाचगाणी होत, घराण्याच्या कथा सांगितल्या जात, आणि शेवटी यजमान पाहुण्यांना भेटवस्तू वाटी. आपल्याला वाटेल, हा आहेर उलटाच झाला! पण त्यात एक व्यवहार होता. या लोकांत लिहिण्याची चाल नव्हती. कुठली जागा कुणाची, कुठले नाव कुणाचे, कुठल्या ओढ्यावर मासे धरण्याचा हक्क कुणाचा, हे सगळे कथांत आणि गाण्यांत साठवलेले. पाहुणे हे साक्षीदार. भेट घ्यायची ती साक्ष लक्षात ठेवण्याबद्दल, आणि वेळ पडली तर चारचौघांत उभे राहून सांगण्याबद्दल. म्हणजे पॉटलॅच ही त्यांची तलाठ्याची चावडीही होती आणि इतिहासाचे दप्तरही.

१८८४ साली कॅनडाच्या सरकारने कायदा करून पॉटलॅचवर बंदी घातली, आणि पुढच्या वर्षापासून ती अंमलात आली. शिक्षा दोन ते सहा महिने तुरुंगवास. गोऱ्या अधिकाऱ्यांना ती उधळपट्टी वाटे. मिशनऱ्यांना ते अडाणीपण वाटे. १९२७ साली आणखी एक कलम आले. जमिनीच्या हक्काचा दावा लावण्यासाठी मूळ रहिवाशांकडून वर्गणी गोळा करणे, वकील देणे, हाही गुन्हा ठरला. ही दोन्ही बंधने १९५१ पर्यंत होती. म्हणजे डॅन जॉर्ज जन्मले तेव्हापासून पन्नाशी ओलांडेपर्यंत, आपल्या समाजाची कथा समाजाच्या रीतीने चारचौघांत सांगणे त्यांच्या देशात गुन्हा होता. हे ध्यानात ठेवले म्हणजे पुढचे सारे नीट कळते.

शाळा सुटल्यावर डॅन जॉर्ज लाकूडतोडीला गेले. मग व्हँकूव्हरच्या गोदीत जहाजांवर माल चढवण्या-उतरवण्याचे काम धरले आणि वीस वर्षांहून अधिक काळ ते केले. लग्न झाले, सहा मुले झाली. रात्री घरी गाणेबजावणे चाले. ते स्वतः मोठे तंतुवाद्य वाजवीत आणि मुलांना घेऊन जत्रांतून, सभागृहांतून कार्यक्रम करीत. १९४७ च्या सुमारास गोदीत लाकडाच्या ओझ्याचा तडाखा बसला, पाय जायबंदी झाला आणि ते काम सुटले. मग मिळेल ते केले. शाळेच्या मुलांची बससुद्धा चालवली. १९५१ साली समाजाने त्यांना प्रमुख निवडले, आणि १९६३ पर्यंत ते प्रमुख होते. 'चीफ' ही उपाधी त्यातली. सिनेमावाल्यांनी जाहिरातीसाठी चिकटवलेली नव्हे. गावच्या पाटीलकीसारखी, भांडणतंटे आणि पाण्याच्या नळापर्यंत सगळे बघावे लागणारी.

देशाच्या निवडणुकीत मूळ रहिवाशांना, आपला दर्जा न सोडता, मत देण्याचा हक्क १९६० साली मिळाला. तेव्हा डॅन जॉर्ज साठीत होते. त्याच सुमारास त्यांना नटाचे काम मिळाले, तेही योगायोगाने. कॅनडाच्या सरकारी प्रसारण संस्थेने 'कॅरिबू कंट्री' ही दूरचित्रवाणी मालिका सुरू केली होती. लेखक पॉल सेंट पिअर आणि निर्माते फिलिप कीटली. मालिकेत म्हातारा आंत्वान हे एका मूळ रहिवाशाचे पात्र होते आणि ते करणारा नट गोरा होता. तो आजारी पडला. डॅन जॉर्ज यांचा एक मुलगा त्या मालिकेत काम करीत होता. तो म्हणाला, माझ्या वडिलांना विचारून बघा. वडील आले, उभे राहिले, आणि ती जागा त्यांचीच होऊन गेली. आवाज हळू, चेहरा सुरकुतलेला, आणि बोलण्यापूर्वी क्षणभर थांबण्याची सवय. नाटकशाळेत हे शिकवता येत नाही. गोदीत आणि गावच्या बैठकीत ते आपोआप येतं.

आता १९६७ सालाकडे येऊ. या वर्षी कॅनडाच्या संघराज्याला शंभर वर्षे पूर्ण झाली. देशभर रोषणाई, मिरवणुका, बँड. १ जुलैला व्हँकूव्हरच्या एम्पायर क्रीडांगणावर सुमारे बत्तीस हजार लोक जमले होते. त्या समारंभात डॅन जॉर्ज यांना बोलायला बोलावले होते. बोलावणाऱ्यांनी काय अपेक्षा केली असेल? म्हातारा आहे, चेहरा छान आहे, दोन गोड शब्द बोलेल, आशीर्वाद देईल. डॅन जॉर्ज उभे राहिले आणि त्यांनी शोकगीत म्हटले. त्याचे नावच 'संघराज्याबद्दल विलाप'.

त्यांनी कॅनडालाच समोर उभे करून त्याच्याशी बोलणे केले. तुझी शंभर वर्षे साजरी होत आहेत, पण आम्ही तुला त्याच्या किती आधीपासून ओळखतो, इथून सुरुवात. मग एकेक नुकसान मोजले. नद्यांतले मासे, रानातली शिकार, स्वतःचा कारभार स्वतः पाहण्याचा अधिकार. आणि त्याच मोजणीत, तितक्याच गंभीरपणे, त्यांनी आणखी दोन गोष्टी धरल्या: देशाच्या इतिहासाच्या शालेय पुस्तकांत आम्हांला जवळजवळ जागाच नाही, आणि नाटक-सिनेमांत आमची टिंगल होते. मला या भाषणात हीच गोष्ट सगळ्यांत महत्त्वाची वाटते. जमीन गेली याचे दुःख कुणालाही कळते. पण आपल्या मुलाने शाळेचे पुस्तक उघडावे आणि त्यात त्याचा आजा नसावा, सिनेमाला जावे आणि तिथे त्याचा आजा विदूषक असावा, हेही नुकसान जमिनीच्या नुकसानीच्या रांगेत बसवून त्यांनी बत्तीस हजार लोकांपुढे ठेवले. शेवटी मात्र ते आशेवर आले. गोऱ्या लोकांनी ज्या साधनांनी यश मिळवले ती, म्हणजे शिक्षण आणि कसब, आमची मुलेही हाती घेतील आणि पुन्हा उभी राहतील, असा त्याचा रोख होता. बोलणे संपल्यावर क्रीडांगण क्षणभर सुन्न झाले, आणि मग टाळ्यांचा कडकडाट झाला.

त्याच वर्षी नोव्हेंबरात व्हँकूव्हरच्या रंगभूमीवर जॉर्ज रीगा यांचे 'द एक्स्टसी ऑफ रिटा जो' हे नाटक आले. राखीव वस्तीतून शहरात आलेली एक मूळ रहिवासी मुलगी, कोर्टात पुन्हा पुन्हा उभी केली जाणारी, शेवटी शहराने गिळून टाकलेली. तिच्या बापाचे काम डॅन जॉर्ज यांनी केले. नाटककार मूळ रहिवासी नव्हते, रिटाचे काम करणारी नटीही गोरी होती. तेव्हाची स्थिती ती तशी होती. पण बापाच्या जागी खरा बाप उभा होता. १९६९ साली राजधानी ओटावात राष्ट्रीय कलाकेंद्र उघडले, तेव्हाही हे नाटक तिथे झाले.

एवढे झाले तरी कॅनडाबाहेर डॅन जॉर्ज यांना कोण ओळखणार? ती ओळख हॉलीवूडने दिली. म्हणून हॉलीवूडचा रिवाज थोडक्यात पाहू. १९५० साली 'ब्रोकन अ‍ॅरो' नावाचा चित्रपट आला. त्यात अपाची लोकांचा प्रमुख कोचीस याचे काम जेफ चँडलर या नटाने केले. हा न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात जन्मलेला गोरा गृहस्थ. चेहरा रंगवून त्याने कोचीस केला आणि त्याबद्दल सहाय्यक नटाच्या ऑस्करसाठी त्याचे नाव पुढे आले. १९६२ साली जेरोनिमोचे काम चक कॉनर्स या निळ्या डोळ्यांच्या उंच नटाने केले. बरे, गर्दीत उभे राहायला मूळ रहिवासी लागत, ते कुठल्याही समाजाचे चालत. जॉन फोर्ड हा मोठा दिग्दर्शक. तो आपले चित्रपट नाव्हाहो लोकांच्या मुलखात काढी, आणि मग नाव्हाहो मंडळीच कधी अपाची होत, कधी कोमांची. १९६४ च्या 'शायेन ऑटम'मध्ये ते शायेन झाले आणि शायेन म्हणून चक्क आपली नाव्हाहो भाषा बोलले. सांगतात की त्या गंभीर प्रसंगांत या मंडळींनी भलभलत्या वाह्यात गोष्टी बोलून घेतल्या. गोऱ्या प्रेक्षकांना काही कळले नाही, आणि नाव्हाहो प्रेक्षक मात्र हसून हसून बेजार! गरिबाच्या हाती तेवढाच सूड होता.

अशा ठिकाणी १९७० साली आर्थर पेन यांचा 'लिटल बिग मॅन' हा चित्रपट आला. नायक डस्टिन हॉफमन. शायेन लोकांच्या हाती सापडलेल्या एका गोऱ्या मुलाला ज्याने वाढवले, त्या म्हाताऱ्या प्रमुखाचे काम डॅन जॉर्ज यांनी केले. आधी या कामासाठी मोठमोठ्या गोऱ्या नटांना विचारणा झाली होती. चित्रपटात सैन्य झोपलेल्या वस्तीवर चालून येते आणि बायकामुलांसकट कत्तल करते. १८६८ साली वॉशिटा नदीच्या काठी असे खरोखरच घडले होते. तो काळ व्हिएतनामच्या युद्धाचा. माय लाय गावच्या कत्तलीची बातमी अमेरिकेत नुकतीच फुटली होती. प्रेक्षक काय समजायचे ते समजले.

पण लोकांच्या लक्षात राहिला तो मरणाचा प्रसंग. म्हातारा ठरवतो की आजचा दिवस मरायला चांगला. डोंगरावर जातो, प्रार्थना करतो, नाचतो, मग आडवा होऊन डोळे मिटतो. मरण काही येत नाही. तोंडावर पाऊस पडू लागतो. म्हातारा एक डोळा उघडतो, अजून आपण इथेच आहोत का म्हणून विचारतो, आणि मंत्र कधी चालतो कधी चालत नाही असे म्हणत नातवासारख्या त्या गोऱ्या पोराचा हात धरून जेवायला घरी परततो. मूळ कादंबरीत तो मरतो. चित्रपटात तो जगला. यात काय विशेष, असे तुम्ही विचाराल. विशेष हे की, पडद्यावरच्या इंडियनला तोपर्यंत दोनच गोष्टी करता येत: मारणे आणि मरणे. स्वतःवर हसणारा, भुकेची आठवण होणारा, बायकोच्या स्वयंपाकाबद्दल बोलणारा असा आपल्या घरातल्यासारखा आजोबा तिथे कुणी पाहिला नव्हता.

न्यूयॉर्कच्या चित्रपट-समीक्षकांनी त्यांना त्या वर्षीचा उत्कृष्ट सहाय्यक नट ठरवले. ऑस्करसाठीही नाव पुढे आले. उत्तर अमेरिकेच्या मूळ रहिवाशांपैकी अभिनयासाठी असे नामांकन मिळालेले ते पहिले नट. १९७१ च्या एप्रिलमध्ये बक्षीस जॉन मिल्स या इंग्रज नटाला मिळाले. पण वीस वर्षांपूर्वी याच बक्षिसासाठी ब्रुकलिनचा माणूस अपाची होऊन उभा होता हे आठवले म्हणजे मधले अंतर कळते.

या नंतर कामे पुष्कळ येऊ लागली. आपल्या लोकांची मानखंडना करणारे काम त्यांनी घेतले नाही. सत्तरीच्या माणसाला, ज्याचे हातपाय गोदीत झिजले, पैसा नको होता असे कोण म्हणेल? तरी नाही म्हणण्याचा हक्क त्यांनी वापरला. १९७३ साली मार्लन ब्रँडोने इंडियनांच्या चित्रणाचा निषेध म्हणून ऑस्कर नाकारले त्याचा गाजावाजा जगभर झाला. ब्रँडोपाशी नाकारायला ऑस्कर होते. डॅन जॉर्ज कामे नाकारीत, आणि नाकारलेल्या कामाची बातमी होत नसते.

याची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, नाहीतर ही नुसती आरती होईल. हा काळ मूळ रहिवाशांतल्या तरुणांच्या चळवळीचा होता. १९६९ ते ७१ अल्काट्राझ बेटाचा कबजा, १९७३ साली वूंडेड नी गावातला बंदुकीचा वेढा. अशा वातावरणात काही तरुणांना हा म्हातारा फार मवाळ वाटे. गोऱ्या लोकांना असाच इंडियन आवडतो, थकलेला आणि क्षमा करणारा, असे ते म्हणत. त्यांचे म्हणणे सर्वस्वी खोटे होते असे मला वाटत नाही. ओरडणारा इंडियन गेला आणि त्याच्या जागी हॉलीवूडने शहाण्या म्हाताऱ्याचा नवा साचा पाडला. पुढे कितीतरी चित्रपटांत तो साचा वापरला गेला. आणि खाडीकाठचा हा माणूस पडद्यावर कधी शायेन झाला, कधी चेरोकी झाला. आपल्या समाजाची, त्स्लेवातूथांची, गोष्ट मोठ्या पडद्यावर सांगण्याची संधी त्यांना मिळाली नाही.

पण मवाळपणातही कुसळे होती. १९७६ च्या क्लिंट ईस्टवुडच्या 'द आउटलॉ जोसी वेल्स'मध्ये त्यांनी लोन वाटी हा म्हातारा चेरोकी केला. हा म्हातारा सांगतो की, आम्ही कोट-टोप्या घालून सुधारलेले इंडियन म्हणून वॉशिंग्टनला गेलो, मंत्र्याने आम्हांला प्रयत्न चालू ठेवा असा उपदेश केला, आमचा फोटो वर्तमानपत्रात छापला. आम्ही घरी येऊन त्या उपदेशाचा पुष्कळ विचार केला आणि मग युद्ध पुकारले. अर्ज-विनंत्यांच्या चकरा मारलेल्या कुणालाही हे ऐकून हसू येईल आणि हसता हसता राग येईल. डॅन जॉर्ज हे इतक्या सावकाश, चेहऱ्यावरची रेघ न हलवता सांगतात की तो प्रसंग त्यांचाच होऊन गेला आहे.

या चित्रपटाच्या मूळ कादंबरीच्या लेखकाची कथा मोठी चमत्कारिक आहे. फॉरेस्ट कार्टर हे नाव. आपण चेरोकी वंशाचे आहोत असे हा लेखक सांगे, आणि आपल्या चेरोकी बालपणाची 'आठवण' म्हणून त्याने १९७६ साली एक पुस्तकही छापले. ते हजारो घरांत वाचले गेले. वस्तुतः त्याचे खरे नाव एसा कार्टर. अलाबामात काळ्या लोकांविरुद्ध वर्णद्वेष पसरवणारा, त्यांना वेगळे ठेवण्याच्या बाजूची भाषणे गव्हर्नरला लिहून देणारा माणूस. चेरोकी घराण्याच्या नावाखाली तो लपून बसला होता. म्हणजे खरा मूळ रहिवासी नट जे बोलत होता, त्याच्या मागे खोटा इंडियन उभा होता! लोकांची गोष्ट कोण सांगतो, हा प्रश्न किती गुंतागुंतीचा आहे, ते या एका चित्रपटात दिसून येते.

१९७१ साली कॅनडा सरकारने डॅन जॉर्ज यांना 'ऑर्डर ऑफ कॅनडा' हा मान दिला. १९७४ साली त्यांच्या चिंतनांचे एक छोटे पुस्तक निघाले. २३ सप्टेंबर १९८१ रोजी, वयाच्या ८२ व्या वर्षी, ते वारले. त्यांचा मुलगा लेनर्ड जॉर्ज पुढे त्स्लेवातूथांचा प्रमुख झाला. तोही नट होता.

त्यांच्या मागे काय घडले ते भराभर सांगतो. १९९० च्या 'डान्सेस विथ वुल्व्ह्ज'मध्ये लाकोटा लोक लाकोटा भाषा बोलले, आणि त्यात काम करणारे ओनायडा समाजाचे ग्रॅहॅम ग्रीन यांचे नाव ऑस्करसाठी गेले. १९९७ साली कॅनडाच्या सर्वोच्च न्यायालयाने डेल्गामूक खटल्यात निर्णय दिला की जमिनीच्या दाव्यात मूळ रहिवाशांच्या तोंडी चालत आलेल्या कथांना पुरावा म्हणून वजन दिले पाहिजे. ज्या कथा सांगण्यासाठी पॉटलॅच भरवल्याबद्दल एकेकाळी तुरुंग होता, त्या कथा शंभर वर्षांनी कोर्टाच्या दप्तरात आल्या. १९९९ मध्ये मूळ रहिवाशांची स्वतःची दूरचित्रवाणी वाहिनी देशभर सुरू झाली. २००१ साली झॅकरियस कुनुक या इनुइट दिग्दर्शकाने बर्फाच्या मुलखातली जुनी दंतकथा इनुइटांच्याच भाषेत पडद्यावर आणली आणि तिला फ्रान्समध्ये कान येथे मान मिळाला. तिथे पात्रे करणारे, लिहिणारे आणि गोष्ट ज्यांची ते, सगळे एकाच गावचे.

२००८ सालच्या जून महिन्यात कॅनडाच्या पंतप्रधानांनी संसदेत निवासी शाळांबद्दल माफी मागितली. त्याच वर्षी कॅनडाच्या टपाल खात्याने डॅन जॉर्ज यांचा चेहरा असलेले तिकीट काढले. ब्रिटिश कोलंबियातल्या अ‍ॅबट्सफर्ड गावी त्यांच्या नावाची एक शाळा आहे. तिच्या पाटीवर 'चीफ डॅन जॉर्ज' असे लिहिले आहे. त्यातले चीफ हे समाजाने दिलेले, आणि जॉर्ज हे पाच वर्षांच्या पोराला शाळेत मिळालेले. गेस्वानौथ स्लाहूट हे नाव त्या पाटीवर नाही.